अक्षराला डोकं असतं

पी नोक मला पहिल्यांदा दिसल्या त्या पाठमोऱ्या. जपानमधल्या त्सुकुबा शहरातल्या आमच्या ऑफिसात माझा पहिलाच दिवस होता. लांबलचक कॉरिडॉरच्या एका टोकाला खिडकीच्या काचेवर एक मोठा कागद उलटा चिकटवलेला, आणि दुसऱ्या टोकाला, नेमकी माझ्या वाटेत, एक ठेंगणी बाई कमरेवर हात ठेवून उभी. मी ‘सुमिमासेन’, माफ करा, म्हणत बाजूने सरकू लागलो, तर मान न वळवता म्हणाल्या, “थांब. उजेड अडवतोयस.”

थांबलो. नवीन नोकरी, थांबणार नाही तर काय. शेवटी न राहवून विचारलं, “कागद उलटा लागलाय. सरळ करून देऊ?”

“उलटाच हवा. सरळ लावला की मी वाचायला लागते. वाचायला लागलं की अक्षर दिसायचं बंद होतं.”

मग वळल्या, माझ्या गळ्यातलं कार्ड वाचलं आणि स्वतःचं पुढे केलं. त्यांचं खरं नाव इतकं लांब होतं की कार्डावर ते दोन ओळींत बारीक टाइपात कोंबलेलं होतं. “हे कुणी म्हणत नाही. नोक म्हण. नोक म्हणजे पक्षी. थायलंडमध्ये मोठ्या भावाबहिणीला पी म्हणतात. तू मला पी नोक म्हण. इथल्यासारखं नावापुढे सान लावलं की मला मीटिंगमध्ये बसल्यासारखं वाटतं.”

आमची कंपनी लहान. दवाखान्यात, नगरपालिकेत, शाळांच्या दारात पडद्यांवर ज्या सूचना पाच-सहा भाषांत फिरत असतात, त्यांच्यामागचं काम आम्ही करतो. पी नोक थाई अक्षरं रेखाटायच्या, आणि ती पडद्यावर नीट बसतात का ते बघणारा इंजिनीअर मी. मी जत तालुक्यातला. आमच्या घराण्यात कॉलेजची पायरी चढलेला मी पहिला. हे मी कुठेही सांगतो आणि ताठ मानेने सांगतो. त्यामुळे शिकलेल्या माणसांचं मला उगाच दडपण येत नाही. पी नोक यांचं आलं.

कसं, ते सांगतो. त्यांना देवनागरी येत नाही. एकदा माझ्या पडद्यावर मराठी मजकूर होता. त्या चहाचा कप घेऊन मागून चालल्या होत्या, थबकल्या. म्हणाल्या, “ट्रेनमध्ये वरच्या दांड्याला धरून माणसं उभी असतात ना, तशी आहेत तुमची अक्षरं. पण हे जे चौथं आहे, त्याचा हात दांड्याला पोचलेला नाही.” मी म्हटलं, सगळं व्यवस्थित आहे की. त्यांनी काही वाद घातला नाही, चहा पीत निघून गेल्या. मी ते अक्षर मोठं करत करत गेलो आणि शिरोरेषेत केसाएवढी फट निघाली. माझ्यासकट तिघांनी तपासून पुढे पाठवलेला मजकूर होता तो.

थाई अक्षरांबद्दल मला जे कळतं ते सगळं त्यांनी शिकवलेलं. बहुतेक थाई अक्षरांना एक बारीक गोल गाठ असते, पेन पहिल्यांदा टेकतं तिथे. तिला ते लोक अक्षराचं डोकं म्हणतात. पोरं शाळेत गिरवतात ती डोक्यापासून. पुढे मॉल आले, मोबाईल आले, इंग्रजी अक्षरांच्या शेजारी बसायची वेळ आली, तसं हे डोकं जुनाट वाटू लागलं. मग डोकं उडवलेली, सडपातळ, झोकदार अक्षरं निघाली. पी नोक यांनी तरुणपणी बँकॉकमध्ये असाच एक फॉन्ट केला होता. तो दुकानांच्या पाट्यांवर, शाम्पूच्या बाटल्यांवर, सिनेमाच्या पोस्टरांवर गेला. त्या सांगायच्या, “टॅक्सीतून जाताना माझी अक्षरं दिसली की मी टॅक्सी थांबवायचे. ड्रायव्हर विचारायचा, इथे कुणी राहतं का तुमचं? मी म्हणायचे, हो, सगळे माझेच.” मराठीत ‘बिनडोक’ कुणाला म्हणतात ते मी सांगितल्यावर त्या इतक्या हसल्या की आमचे विभागप्रमुख ओकादा-सान काय झालं म्हणून उठून बघायला आले.

ओकादा-सानांची आणि त्यांची रोजची चकमक असे. विषय कचऱ्याचा. जपानात प्लास्टिकची बाटली टाकताना वरचं लेबल सोलून वेगळं टाकायचं असतं. पी नोक लेबल सोलायच्या आणि खिशात घालायच्या. त्यांच्या ड्रॉवरमध्ये चहाची, सोया सॉसची, कसल्याकसल्या औषधी पेयांची लेबलं सपाट करून रचलेली.

“नोक-सान, हा प्लास्टिकचा कचरा आहे. मंगळवारी जायला हवा.”

“ओकादा-सान, ह्यावरचं अक्षर कुणीतरी महिनाभर बसून काढलंय. त्याला मंगळवारपर्यंत तरी जगू द्या.”

मंगळवार येई आणि जाई. लेबलं तिथेच.

आम्ही दोघं इंग्रजीत बोलायचो. रागावल्या की मात्र त्या जपानीत शिरायच्या. म्हणायच्या, जपानीत क्रियापद शेवटी येतं, तिथपर्यंत पोचेस्तोवर राग निवतो.

एक वाक्य मात्र त्या तिन्ही भाषांत म्हणायच्या: “वरच्या मजल्यावर जागा सोड.” थाईत अक्षरावर स्वर बसतो आणि त्या स्वराच्याही वर उच्चाराची खूण बसते. तीन मजली इमारत. घाईत काम करणारा वरच्या खुणेला जागाच ठेवत नाही, मग ती ओळीच्या कडेला आपटून अर्धी कापली जाते. “सगळ्यात वरचा भाडेकरू सगळ्यात गरीब,” पी नोक म्हणायच्या, “म्हणून आधी त्याचं छप्पर बघायचं.”

बँकॉकमधली नोकरी सोडल्यावर त्या लिनक्सकडे, म्हणजे कॉम्प्युटर चालवणाऱ्या फुकट सिस्टीमकडे वळल्या, त्याचीही गोष्ट आहे. नोकरी सुटली तसं महागडं सॉफ्टवेअर बंद झालं आणि त्यांची स्वतःची जुनी रेखाटनं उघडेनात. “माझीच मुलं,” त्या म्हणाल्या, “आणि त्यांना भेटायला दुसऱ्याची परवानगी?” त्या दिवसापासून त्यांनी विकतची सिस्टीम टाकली ती टाकलीच. तेव्हा वय पन्नाशीच्या आसपास, कॉम्प्युटरच्या पोटातलं काहीही माहीत नाही. एका बोटाने आज्ञा टाइप करायच्या. चूक झाली की पडद्यावर जो इंग्रजी मजकूर उमटे तो भिक्खूच्या प्रवचनासारखा लयीत मोठ्याने वाचायच्या आणि मग शांतपणे पहिल्यापासून सुरू.

थाईत दोन शब्दांत मोकळी जागा नसते. सगळी ओळ सलग. ती कुठे तोडायची हे प्रोग्रॅमला कळावं लागतं. कुणीही वापरावा, सुधारावा अशा एका मोकळ्या प्रोग्रॅममध्ये ती भलतीकडे तुटायची. पी नोक यांनी तो बनवणाऱ्यांना कळवलं. उत्तर आलं, आम्हाला यात चूक दिसत नाही. तर ह्या बाईंनी काय करावं? आपल्या मामांना तो मजकूर मोठ्याने वाचायला लावला, त्याचा व्हिडिओ काढला आणि तक्रारीला जोडून दिला. मामा ओळीच्या शेवटी अडखळतात, मागे जातात, पुन्हा वाचतात, शेवटी थाईत एक सणसणीत शिवी घालतात. थाई न कळणाऱ्यालाही कळेल असा तो पुरावा होता. पुढच्या आवृत्तीत ओळ बरोबर तुटू लागली. मी बऱ्याच तक्रारी वाचल्यात आणि लिहिल्यात. त्यात कुणाचा मामा कधी पाहिला नव्हता.

त्सुकुबाच्या पलीकडे, कमळकाकडीच्या शेतांना लागून, एक थाई विहार आहे. रविवारी तिथे आसपासच्या थाई बायका जमतात. पुष्कळ जणी आता साठी-सत्तरीच्या. कुणी लग्न करून आलेल्या, कुणी शेतात नि पॅकिंग शेडमध्ये राबायला आलेल्या, सगळं आयुष्य इथेच गेलेलं. हॉलच्या कोपऱ्यात दान आलेले जुने कॉम्प्युटर होते. त्यांवर त्या गावाकडच्या बातम्या वाचायच्या, नातवंडांशी बोलायच्या. विकतच्या सिस्टीमने जुन्या यंत्रांना वाऱ्यावर सोडलं, तसं भन्तेंनी ती भंगारात काढायचं ठरवलं. पी नोक म्हणाल्या, “एक रविवार द्या.” मी गाडी चालवायला आणि तारा जोडायला.

संध्याकाळपर्यंत सगळ्या यंत्रांवर लिनक्स बसलं. सगळं थाईत, आणि सगळीकडे त्यांचाच तो प्रसिद्ध फॉन्ट. त्या मागे सरकून उभ्या राहिल्या. स्वतःची अक्षरं त्या सुलटी बघतायत, असं मी पहिल्यांदाच पाहिलं.

पुढच्या रविवारी कॉम्प्युटरपुढे कुणी बसेना. पी नोक एकेकीला बोलवायच्या आणि एकेक जण गोड हसून म्हणायची, “आज चष्मा विसरले.” त्यांच्यात सगळ्यात थोरल्या पा माली. पा म्हणजे मोठी मावशी. सत्तरी ओलांडलेली, उन्हाने रापलेली, ठसक्याची बाई. त्याही म्हणाल्या, चष्मा विसरले.

पी नोक यांना वाटलं, साधी गोष्ट आहे. त्या शंभर येनच्या दुकानात गेल्या आणि वाचायच्या चष्म्यांची टोपलीच घेऊन आल्या, सगळ्या नंबरांची. बायकांनी हात जोडून चष्मे घेतले, एकमेकींना लावून बघितले, फोटो काढले, खूप हसल्या. कॉम्प्युटरपुढे कुणी बसली नाही.

परतताना गाडीत पी नोक कोड्यात पडलेल्या. “नंबर चुकले असतील का रे?”

मी म्हटलं, “पी, माझी आईपण चष्मा विसरते. बँकेत, दवाखान्यात, एसटी स्टँडवर. कुठेही कागद पुढे आला की चष्मा घरी राहिलेला असतो.”

“मग तिला दुसरा घेऊन दे ना.”

“तिला चष्मा नाहीच आहे. लागतही नाही. ती मोठेपणी वाचायला शिकली. ठरावीक वळणाचं अक्षर असलं तर वाचते. जरा वेगळं आलं की चष्मा विसरते.”

पी नोक यांचं घर आलं तरी त्या सीटचा पट्टा सोडेनात. मग म्हणाल्या, “दुसऱ्याच्या चुकीसाठी मी मामाला वाचायला बसवलं. माझ्या अक्षरांसाठी कुणाला बसवलं होतं? सगळे डिझायनर.” आणि दार लावून गेल्या.

पुढच्या रविवारी त्या थेट पा मालींपुढे चटईवर जाऊन बसल्या. थाईत काय बोलणं झालं ते त्यांनी मला मग सांगितलं, आणि पुढेही इतक्यांदा सांगितलं की मला ते पाठ आहे. त्या म्हणाल्या, “पा, ही अक्षरं मी काढलीयत. त्यांचं काय चुकलंय?”

पा माली आधी म्हणाल्या, छान आहेत, फार छान आहेत. मग जवळ सरकून हळूच म्हणाल्या, “पण पोरी, मी चौथीपर्यंत शिकले. आम्हाला डोकं बघून ओळखायला शिकवलंय. तुझ्या अक्षरांना तोंडच नाही. मला वाटलं, सगळं इंग्रजी झालं. ओळखू कशी?”

मी लांबून बघत होतो. पी नोक यांनी खाली वाकून नमस्कार केला, उठल्या आणि एकेका कॉम्प्युटरवरून आपला फॉन्ट काढून टाकायला लागल्या. जुना, साधा, डोकं असलेला, फुकट मिळणारा एक फॉन्ट बसवला. शेवटच्या यंत्रापर्यंत त्या पोचायच्या आत पहिल्यापुढे दोघी जणी बसल्या होत्या.

इथे विषय संपला असता, पण खरा प्रश्न विहाराबाहेर होता. नदीकाठच्या एका गावात पुराच्या सूचना देणारे पडदे बसवायचं काम आमच्याकडे होतं. वादळांच्या दिवसांआधी ते लागायला हवे होते. सगळ्या भाषांचा मजकूर आळीपाळीने फिरणार, थाईच्या वाट्याला काही सेकंद. कुठल्या पुलावर जायचं नाही, कुठल्या शाळेत जायचं, कितव्या मजल्यावर. पा माली आणि त्यांच्या मैत्रिणी त्याच गावात राहायच्या. आणि थाईसाठी गावाने मंजूर केला होता तो पी नोक यांचा फॉन्ट. शिफारसही त्यांचीच.

सोमवारी त्या ओकादा-सानांच्या टेबलापाशी गेल्या. आम्ही सगळे आपापल्या पडद्यांत डोकं घालून कान तिकडे.

“फॉन्ट बदलायचाय.”

“नोक-सान, ते ठरलेलं आहे. शिक्के झालेत.”

“काय ठरलंय ते पाण्याला कळवलंय का?”

ओकादा-सानांनी चष्मा काढून पुसला. “हे तुम्हाला बैठकीत सांगावं लागेल. कारणासकट. तुमचं स्वतःचं काम आहे ते, नोक-सान. त्याचा अर्थ काय होतो ते कळतंय ना?”

“कळतंय.”

जपानात ठरलेली गोष्ट उकरून काढणं म्हणजे काय, हे इथे नोकरी केलेल्याला सांगायला नको. बैठकीला मी होतो, प्रोजेक्टरच्या तारेसाठी. गावच्या कार्यालयातले एक वयस्कर अधिकारी होते, फार सभ्य. त्यांनी फार सभ्यपणे विचारलं, “म्हणजे नोक-सान, आपण शिफारस केलेला, आपल्याच हातचा फॉन्ट सदोष आहे, असं आम्ही नोंदवायचं का?”

त्या उभ्या राहिल्या. “हो, तसंच नोंदवा. सुंदर आहे, पण ज्यांचा जीव वाचवायचा त्यांना तो वाचता येत नाही. माझी चूक आहे.” आणि वाकल्या. इतका वेळ वाकून राहिल्या की अधिकाऱ्यांना खुर्चीत बसवेना, तेही उभे राहिले. मग आम्ही सगळेच उभे. मला त्या क्षणी काय वाटलं ते शब्दांत नीट येत नाही. अख्खं शहर जिच्या अक्षरांनी सजलं ती बाई, आणि तिने ती अक्षरं पाटीवरचं पुसावं तशी पुसली.

“मग पर्याय?” अधिकाऱ्यांनी विचारलं. “आपण नवीन काढणार?”

“तेवढे दिवस नाहीत. एक आहे, फुकटचा. माझा नाही. दिसायला अगदी साधा. पण डोकी जागच्या जागी आहेत.”

त्या साध्या फॉन्टची एक अडचण निघाली. पडद्यांमागची यंत्रंही लिनक्सवर चालणारी, त्यावर मोठ्या आकारात वरच्या मजल्याच्या खुणा कापल्या जात. विकतचा फॉन्ट असता तर कंपनीला पत्र लिहून वाट बघत बसावं लागलं असतं. हा मोकळा होता. ज्याला येतं त्याने दुरुस्त करावा, अशी त्यात उघड परवानगी. पी नोक कामाला बसल्या. दुसऱ्या कुणीतरी, कुठेतरी, कधीतरी काढलेली ती अक्षरं. त्यांनी एकेक घेतलं, वरचं छप्पर उचललं, खुणा सरकवल्या, आणि डोक्याची गाठ लांबूनही बुजू नये म्हणून आतली पोकळी किंचित मोकळी केली. मूळ वळणाला धक्का नाही. मी म्हटलं, “पी, एवढं केलंय तर थोडी तुमची नजाकत घाला की.”

“कुणाच्या घरी दुरुस्तीला गेलं की भिंतीवर आपला फोटो लावायचा नसतो,” त्या म्हणाल्या.

झालेली दुरुस्ती त्यांनी जगाला वापरायला परत देऊन टाकली. त्यावर आपलं नाव कुठेही ठेवलं नाही.

त्या वर्षीच त्या थायलंडला कायमच्या परतल्या. जाण्याच्या आठवड्यात नदीकाठच्या गावात पूर आल्याची कवायत होती. आम्ही गेलो. शाळेच्या दाराशी नवा पडदा. भोंगा वाजला. जपानी म्हातारेकोतारे शिस्तीत आले, ब्राझिलची काही कुटुंबं आली, आणि शेताच्या बाजूने थाई बायकांचा घोळका आला. पुढे पा माली, पाठीवर पिशवी, पायात गमबूट. कवायत आहे हे त्यांना कुणी सांगितलं नव्हतं, की सांगूनही त्यांनी ते मनावर घेतलं नव्हतं, कोण जाणे. पाणी टाचेला लागल्यासारख्या चालत होत्या.

पडद्यावर थाई मजकूर आला. पा मालींनी चालता चालताच नजर टाकली, मागे वळून घोळक्याला खणखणीत आवाजात दोन शब्द सांगितले, आणि सगळ्या जिन्याकडे वळल्या. कुणी थांबली नाही. मजकूर बदलून पोर्तुगीज व्हायच्या आत त्या आत होत्या.

पी नोक दारापाशीच उभ्या होत्या. हलेनात. पा माली जिन्याच्या तिसऱ्या-चौथ्या पायरीवरून परत फिरल्या, खाली आल्या, त्यांच्या दंडाला धरलं आणि काहीतरी करवादल्या. मागून येणाऱ्या बायका खिदळल्या. मी तिथल्या एकीला जपानीत विचारलं, काय म्हणाल्या? तिने सांगितलं, त्या म्हणाल्या, “इथे काय उभी राहिलीस, पोरी? समोर एवढं मोठं लिहिलंय, दुसरा मजला. वाचता येत नाही का तुला?”

“येतं, पा,” पी नोक म्हणाल्या. बूट काढून हातात घेतले आणि त्यांच्यामागोमाग जिना चढून गेल्या.